वस्तीचा रस्ता गावच्या आराखड्यात का बसत नाही: तारीख, नमुना 23 आणि ठरावाची भाषा

जत, आटपाडी, माणमधल्या मळ्या-वस्त्यांवर आणि पाटणच्या वाड्यांत एकच तक्रार ऐकू येते: दर ग्रामसभेला रस्ता मागतो, दर वेळी ‘पुढच्या वर्षी बघू’. मागणी खरी असते. पण अर्ज उशिरा गेलेला असतो, नाहीतर जागेचा कागद नसतो. ‘आमचं गाव, आमचा विकास’ म्हणून ओळखला जाणारा ग्रामपंचायत विकास आराखडा कागदावर लोकांनी करायचा असतो, 73व्या घटनादुरुस्तीपासून तेच अपेक्षित आहे. प्रत्यक्षात ज्याचे कागद तयार, त्याचं काम आत जातं.

मागणी कोण करू शकतं? गावच्या मतदार यादीत ज्याचं नाव आहे तो प्रत्येक जण. पुण्या-मुंबईत नोकरीला असलात, पण नाव गावच्या यादीत असेल, तरी चालतं. ठरावीक फॉर्म नाही. साध्या कागदावर दोन प्रती लिहा आणि एकीवर तारखेसह पोच घ्या. पोच नसेल तर अर्ज दिलाच नाही असं समजा.

तारीख

सर्वांत जास्त माणसं इथे फसतात. आराखडा पुढच्या आर्थिक वर्षाचा असतो आणि त्याची तयारी 2 ऑक्टोबरच्या ग्रामसभेपासून सुरू होते. 26 जानेवारीला किंवा 1 मे रोजी उठून मागणी केली, तर तोवर यादी बहुतेक ठरलेली असते. मग पुरवणी आराखडा उरतो, त्यालाही ग्रामसभेची मंजुरी लागते. म्हणून अर्ज सप्टेंबरच्या पहिल्या पंधरवड्यातच द्या. ग्रामसभेची नोटीस सात दिवस आधी निघते आणि विषयपत्रिका तेव्हाच ठरते. ‘ऐनवेळच्या विषयां’च्या भरवशावर राहू नका.

दुसरी चूक तहकूब सभेची. गणपूर्तीला मतदारांच्या 15 टक्के किंवा 100 जण, यांतला कमी आकडा लागतो. तेवढे जमले नाहीत की लोक ‘सभा रद्द झाली’ म्हणत घरी जातात. ती रद्द होत नाही, पुढे ढकलली जाते आणि त्या तहकूब सभेला गणपूर्तीची अटच नसते. वीसेक माणसांत अख्खा आराखडा मंजूर होतो, तो इथेच. तहकुबीची पुढची तारीख तिथल्या तिथे विचारून घ्या. मुख्य ग्रामसभेआधी महिला सभा आणि वॉर्डसभा होतात, त्यांनाही हजर राहा. अनेक गावं-वाड्यांच्या मिळून असलेल्या गट ग्रामपंचायतीतल्या लहान वाडीचा आवाज मोठ्या सभेत बुडतो, वॉर्डसभेच्या इतिवृत्तात मात्र तो लेखी राहतो.

जागेचा कागद

अंदाजपत्रक करायला शाखा अभियंता आले की पहिला प्रश्न: रस्ता नमुना 23ला आहे का? नमुना 23 म्हणजे ग्रामपंचायतीच्या ताब्यातील रस्त्यांची नोंदवही. वस्तीवरचा रस्ता पन्नास वर्षं वापरात असला, तरी तिथे नोंद नसते. हा उतारा नसल्यामुळेच बहुतेक कामं मागे पडतात.

आधी भूमी अभिलेख कार्यालयातून गाव नकाशा काढा. दुहेरी तुटक रेषा दिसली तर तो गाडीमार्ग, रुंदी 16.5 ते 21 फूट. एकच तुटक रेषा असेल तर पायमार्ग, 8.25 फूट. नकाशावर असलेल्या रस्त्याला, नकाशातल्या रुंदीपुरती, शेजाऱ्याची संमती मागत बसू नका, कुणी सांगितलं तरी. नकाशावर नसेल, तर ज्या-ज्या गटातून रस्ता जातो त्या गटांचे चालू सातबारे आणि सगळ्या सहहिस्सेदारांची संमतीपत्रं लागतात. सगळ्यांची, म्हणजे कोल्हापूरला दिलेल्या बहिणीचीही. सातबारा मयत आजोबांच्या नावावर असेल तर आधी वारसनोंद करा, नाहीतर संमतीला अर्थ नाही. हे काम महिन्यांचं आहे, उन्हाळ्यातच सुरू करा. संमत्या मिळाल्या की ग्रामपंचायतीच्या मासिक सभेत ठराव घेऊन रस्त्याचं नाव, कुठून कुठे, लांबी आणि रुंदी नमुना 23ला चढवून घ्या.

रस्त्याला ग्रामीण मार्ग क्रमांक असेल तर तो जिल्हा परिषदेच्या बांधकाम विभागाकडे असतो, तिथली ना-हरकत घ्या. समाजमंदिर किंवा अंगणवाडी गायरानात मागत असाल तर ध्यानात ठेवा, गायरान सरकारचं आहे आणि ग्रामपंचायतीकडे फक्त देखरेख. 2011च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालानंतर ही जमीन सहज मिळत नाही.

पैसा कोणत्या डब्यातला

‘निधी आलाय, मग रस्ता का नाही?’ असं भांडण नेहमी होतं. पंधराव्या वित्त आयोगाच्या निधीत 60 टक्के बंधित, म्हणजे ठरवून दिलेल्या कामांसाठीच, होता: निम्मा स्वच्छतेला, निम्मा पाण्याला. 10 लाख आले तर 6 लाखांना रस्त्यासाठी हात लावता येत नव्हता. रस्ता उरलेल्या 4 लाखांत, तोही इतर वस्त्यांशी वाटून घ्यायचा. सोळाव्या आयोगाचा काळ 1 एप्रिल 2026 पासून आहे. ज्या वर्षाचा आराखडा असेल त्या वर्षाचा शासन निर्णय ग्रामसभेत वाचून दाखवायला सांगा आणि मगच रक्कम मागा. गटार किंवा शोषखड्डा हवा असेल तर मागणी स्वच्छतेखाली लिहा, रस्त्यात मिसळू नका.

ठरावाचे शब्द

‘वस्तीकडे रस्ता करणे’ हा ठराव निरुपयोगी आहे. कुठून कुठे, गट नंबर, लांबी मीटरमध्ये, काम खडीकरणाचं की काँक्रिटीकरणाचं, अंदाजे रक्कम, सूचक आणि अनुमोदक एवढं त्यात हवंच. इतिवृत्तावर सही करण्याआधी हे वाचा. नंतर ठरावाची सही-शिक्क्याची नक्कल मागा. टाळाटाळ झाली तर माहिती अधिकारात अर्ज करा, मुदत 30 दिवसांची आहे. ‘बसत नाही’ हे तोंडी उत्तर ऐकून परत येऊ नका. नियम कोणता, ते लेखी द्यायला सांगा, नाही दिलं तर गटविकास अधिकाऱ्यांकडे अर्ज करा. कारण न सांगता लोकांना हेलपाटे घालायला लावणं हा कारभार नव्हे.

तालुक्याची तांत्रिक छाननी आणि अंदाजपत्रकाची तांत्रिक मान्यता या पायऱ्या कार्यालय पार पाडतं. तुम्ही फक्त ई-ग्रामस्वराज पोर्टलवर आपल्या ग्रामपंचायतीचा आराखडा उघडून कामाचं नाव तपासा. पोर्टलवर नसलेल्या कामाचं बिल निघत नाही. ठरावात ‘मळा’, अंदाजपत्रकात ‘वस्ती’ आणि पोर्टलवर तिसरंच नाव असलं की बिल अडतं. अशी चूक मार्चअखेर नव्हे, आराखडा चढवला त्याच आठवड्यात लेखी कळवा.