साथ की घातपात? जैविक हल्ल्यांविरुद्धच्या तयारीची पुण्यातून दिसणारी पार्श्वभूमी

अमेरिकेच्या भूमीवर सर्वाधिक लोकांना आजारी पाडणारा जैविक हल्ला ज्या पंथातल्या माणसांनी केला, त्या पंथाचं आधीचं बिऱ्हाड कोरेगाव पार्कात होतं. पुण्यात ही गोष्ट सहसा कोणी काढत नाही.

रजनीशांचा आश्रम १९७४ मध्ये इथे सुरू झाला. जून १९८१ मध्ये ते अमेरिकेला गेले आणि ऑरेगन राज्यातल्या माळरानावर रजनीशपुरम नावाची वसाहत उभी राहिली. जमिनीच्या वापरावरून, बांधकाम परवान्यांवरून स्थानिकांशी खटके उडू लागले. नोव्हेंबर १९८४ मध्ये वॉस्को काउंटीची निवडणूक होती. विरोधातले मतदार त्या दिवशी अंथरुणातून उठलेच नाहीत तर आपली माणसं निवडून येतील, असा हिशोब रजनीशांची सचिव मा आनंद शीला आणि तिच्या भोवतीच्या मोजक्या मंडळींनी मांडला. त्याची रंगीत तालीम म्हणून सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये द डॅल्स या गावातल्या दहा हॉटेलांत सॅलडच्या काउंटरवर साल्मोनेलाचे जंतू मिसळण्यात आले. ७५१ माणसं आजारी पडली, ४५ जणांना रुग्णालयात दाखल करावं लागलं. सुदैवाने कोणी दगावलं नाही.

खरी दखल घ्यायची ती यानंतरच्या तपासाची. आरोग्य खात्याने काम टाळलं असं अजिबात नाही. रुग्णांना गाठून त्यांनी काय खाल्लं, कुठे खाल्लं, कधी खाल्लं हे विचारलं, नमुने तपासले. आणि निष्कर्ष काढला, की हॉटेलातल्या कामगारांच्या अस्वच्छतेमुळे हे झालं असावं. काही ठिकाणी ग्राहकांच्या आधी कामगारच आजारी पडले होते, त्यामुळे तर्क चुकीचा वाटतही नव्हता. कोणी मुद्दाम केलं असेल का, हा प्रश्न निघाला होता, पण पुरावा नाही म्हणून तो बाजूला राहिला. सत्य बाहेर आलं ते वर्षभराने, तेही पंथात फूट पडली म्हणून. सप्टेंबर १९८५ मध्ये शीला देश सोडून गेली आणि खुद्द रजनीशांनी पत्रकारांपुढे तिच्यावर आरोप केले. मग वसाहतीची झडती झाली आणि तिथल्या प्रयोगशाळेत जंतूंचं तेच वाण मिळालं. वैद्यकीय साहित्य पुरवणाऱ्या कंपनीकडून ते रीतसर विकत आणलेलं होतं. या साथीचा शास्त्रीय लेख तर १९९७ साली छापून आला. कोणी नक्कल करू नये म्हणून तो इतकी वर्षं मागे ठेवला होता. तोवर रजनीश पुण्यात परत येऊन, इथेच १९९० मध्ये वारलेही होते.

जंतू चोरवाटेने नाही, तर प्रयोगशाळेच्या पुढच्या दाराने बाहेर पडले, ही यातली ठळक गोष्ट. आपल्याकडे याचा दाखला पन्नास वर्षं आधीच मिळाला होता. २६ नोव्हेंबर १९३३ रोजी हावडा स्टेशनच्या गर्दीत पाकुडच्या जमीनदार घराण्यातल्या अमरेंद्र पांडे या तरुणाच्या दंडाला काहीतरी टोचलं. खादीतला एक बुटका माणूस गर्दीत दिसेनासा झाला. ४ डिसेंबरला अमरेंद्र गेला. मृत्यूआधी डॉक्टरांनी त्याचं रक्त तपासणीला पाठवलं होतं म्हणून निभावलं, कारण त्यात प्लेगचे जंतू निघाले आणि कलकत्त्यात तेव्हा प्लेग जवळजवळ नव्हताच. पोलिसांना धागा मिळाला तो मुंबईत. इस्टेटीच्या वादातून सावत्र भावाने डॉ. तारानाथ भट्टाचार्य या जंतुशास्त्रज्ञाला हाताशी धरलं होतं. प्लेगवर औषध शोधलंय, त्याची चाचणी घ्यायची आहे, अशी थाप मारून आधी हाफकिन इन्स्टिट्यूटचं दार ठोठावलं गेलं आणि शेवटी आर्थर रोडच्या संसर्गजन्य रोगांच्या रुग्णालयात उंदरांवर प्रयोग करायची परवानगी मिळवली गेली. दोघांना फाशी झाली, ती हायकोर्टाने काळ्या पाण्यावर आणली. हा खूनच, दहशतवाद नव्हे. पण पाहुण्या संशोधकाच्या हाती जंतूंची नळी देताना कागद कोण तपासतो, हा प्रश्न तेव्हापासूनचा आहे.

मुंबईच्या रुग्णालयात हे जंतू मिळू शकत होते, त्यामागे १८९६ चा प्लेग. सप्टेंबरमध्ये मांडवी भागात डॉ. अकासिओ व्हिएगस यांनी तो ओळखला. पुढच्याच जानेवारीत हाफकिन यांनी स्वतः बनवलेली लस आधी स्वतःला टोचून घेतली. ४ फेब्रुवारी १८९७ ला साथरोग कायदा आला. अवघ्या चार कलमांचा, घाईघाईत केलेला. त्याच्या जोरावर पुण्यात प्लेग कमिटीचे प्रमुख म्हणून रँड आले आणि पेठांमधून गोरे सोजीर घरात घुसून रुग्ण शोधू लागले. देवघर, स्वयंपाकघर, काही सुटलं नाही. चापेकर बंधूंनी २२ जून १८९७ च्या रात्री गणेशखिंड रस्त्यावर काय केलं, ते इथे सांगायची गरज नाही.

सार्वजनिक आरोग्याच्या अंगाने मात्र त्या वर्षाकडे कमी पाहिलं जातं. घरझडतीच्या भीतीने लोक रुग्ण लपवू लागले. माळ्यावर, कणगीमागे, नातेवाइकांच्या गावी. म्हणजे ज्या यंत्रणेला रुग्ण कळायला हवे होते, तिनेच ते कळण्याची वाट बुजवली. त्याच वेळी हडपसरच्या ससाणे मळ्यात आपले दत्तक पुत्र डॉ. यशवंत यांच्या दवाखान्यात सावित्रीबाई फुले स्वतः रुग्ण आणत होत्या. मुंढव्याहून एका मुलाला पाठीवर घेऊन आल्या, त्यातच लागण झाली आणि १० मार्च १८९७ ला त्या गेल्या. तिथे लोक रुग्ण लपवत नव्हते. साथीची खबर यंत्रणेपर्यंत कशी पोचते आणि कशी अडते, याचा इतका स्पष्ट धडा एका शहराला एकाच वर्षात क्वचित मिळाला असेल.

पुढचं पान १९५२ चं. रॉकफेलर फाउंडेशन आणि भारतीय वैद्यक संशोधन परिषद यांनी मिळून पुण्यात विषाणू संशोधन केंद्र काढलं, तीच १९७८ पासूनची राष्ट्रीय विषाणूविज्ञान संस्था, म्हणजे आपली एनआयव्ही. १९५७ मध्ये शिमोग्याच्या जंगलात माकडं पटापट मरू लागली तेव्हा पहिली शंका पीतज्वराची आली. पुण्याच्या शास्त्रज्ञांनी तो नवाच विषाणू असल्याचं दाखवलं. सिंधुदुर्गात ज्याला माकडताप म्हणतात तो हाच. या विषाणूचं नातं रशियातल्या एका विषाणूशी जुळत होतं, म्हणून सैबेरियाहून येणाऱ्या पक्ष्यांवर संशय गेला आणि त्यातून पक्षी-स्थलांतराच्या अभ्यासाला अमेरिकी लष्कराचा पैसा मिळाला. शीतयुद्धाच्या त्या काळात यावर बोट ठेवलं जाणारच होतं. १९७४-७५ मध्ये हा पैसा आणि दिल्लीतला डासांवरचा आंतरराष्ट्रीय प्रकल्प यांवरून संसदेच्या लोकलेखा समितीपर्यंत गदारोळ गेला: हे संशोधन आहे की जैविक युद्धाची पूर्वतयारी? डासांचा प्रकल्प गुंडाळावा लागला. संशय सगळा खरा होता असं मला वाटत नाही, पण आपल्या जंतूंची आणि आपल्या माहितीची मालकी कोणाची, हे विचारायची सवय तिथून लागली आणि ती चांगलीच लागली. योगायोग असा, की जैविक अस्त्रांवर बंदी घालणाऱ्या आंतरराष्ट्रीय कराराला भारताने १९७४ मध्येच मंजुरी दिली आणि १९७५ मध्ये तो अमलात आला.

१९९४ मध्ये प्लेग परत आला. किल्लारीच्या भूकंपानंतर वर्षभराने, आधी बीड जिल्ह्यातल्या मामला गावात गाठींचा, मग सुरतेत फुप्फुसांचा. सुरतेतून लाखो लोक मिळेल त्या गाडीने पळाले, टेट्रासायक्लिन दुकानांतून गायब झालं. आणि महिनोन् महिने वाद काय, तर हा मुळात प्लेग आहे का! नमुने वेळेवर आणि नीट घेतले नाहीत तर काय होतं, ते देशाने पाहिलं. एकात्मिक रोग सर्वेक्षण कार्यक्रम २००४ मध्ये सुरू झाला, त्यामागे ही नामुष्की आहे.

मधे २००१ येऊन गेलं. अमेरिकेत टपालातून अँथ्रॅक्सची पावडर आली, २२ जणांना लागण झाली, ५ दगावले. पहिला रुग्ण कळला तो गुप्तचरांमुळे नाही. फ्लोरिडातल्या एका डॉक्टरने मणक्यातलं पाणी सूक्ष्मदर्शकाखाली पाहिलं आणि त्यातल्या काड्यांसारख्या जंतूंवर त्याची नजर अडली. पुढे अमेरिकी तपासयंत्रणेने बोट ठेवलं ते त्यांच्याच लष्करी प्रयोगशाळेतल्या एका शास्त्रज्ञावर. पुन्हा पुढचं दार.

त्यानंतर कागदोपत्री बरंच झालं. २००५ चा सामूहिक संहाराच्या अस्त्रांविरुद्धचा कायदा, २००८ ची राष्ट्रीय आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरणाची जैविक आपत्तींसाठीची मार्गदर्शक तत्त्वं. पुण्याजवळ सुदुंबऱ्याला राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दलाची (एनडीआरएफ) पाचवी तुकडी आहे, दापोडीच्या लष्करी अभियांत्रिकी महाविद्यालयात अणु-जैविक-रासायनिक संरक्षणाचं प्रशिक्षण मिळतं. पाषाणला एनआयव्हीची चौथ्या, म्हणजे सर्वांत वरच्या पातळीची जैवसुरक्षा प्रयोगशाळा आहे, जिथे आतला हवेचा दाब बाहेरच्यापेक्षा कमी ठेवतात आणि सांडपाणीही निर्जंतुक केल्याशिवाय बाहेर सोडत नाहीत. २०१८ च्या केरळमधल्या निपाहचं निदान एनआयव्हीनेच पक्कं केलं होतं. या सगळ्याचा पुणेकरांना अभिमान आहे आणि तो रास्त आहे. फक्त हे सगळं कामाला लागतं ते कोणीतरी ‘इथे काहीतरी वेगळं दिसतंय’ म्हटल्यावर.

जानेवारी २०२५ मध्ये ते म्हटलं गेलं. सिंहगड रस्त्याच्या पट्ट्यातून, नांदेड गाव, किरकटवाडी, धायरीकडून हातापायांतलं बळ गेलेले रुग्ण खासगी रुग्णालयांत येऊ लागले. गियाँ-बारे सिंड्रोम हा मज्जातंतूंचा आजार वर्षाला लाखात एखाद्याला होतो, इथे एकाच भागातून एकामागोमाग एक. मेंदूविकारतज्ज्ञांच्या ते लक्षात आलं, नमुने एनआयव्हीला गेले, त्यांत कॅम्पिलोबॅक्टर आणि नोरोव्हायरस सापडले, संशय पाण्यावर गेला. रुग्णसंख्या दोनशेच्या वर पोचली. समाविष्ट गावांच्या पाण्याचा प्रश्न त्या आधीही होताच.

हेच कोणी मुद्दाम केलं असतं, तरी पहिले काही दिवस असेच गेले असते: तेच डॉक्टर, त्याच शौचाच्या नमुन्यांच्या बाटल्या, विहिरीवर तेच क्लोरीन मोजणारे कर्मचारी. पोलीस नंतर आले असते. सर्वेक्षण कार्यक्रमात आरोग्यसेविका लक्षणं नोंदवते, डॉक्टर संभाव्य निदान, प्रयोगशाळा पक्कं निदान. आता हे सगळं ऑनलाइन पोर्टलवर जातं. मात्र शहरातला बहुसंख्य रुग्ण आधी जातो गल्लीतल्या खासगी डॉक्टरकडे आणि तिथून नोंद येण्याचं प्रमाण कायम तोकडंच राहिलं आहे. घातपाताच्या तयारीवर खर्च करायचा असेल तर मी पहिला रुपया इथे घालीन, संरक्षक पोशाख आणि तंबूंवर नंतर.

कायद्याचं म्हणाल, तर केंद्राने २०१७ मध्ये साथी, जैविक दहशतवाद आणि आपत्ती या तिन्ही गोष्टी एकत्र घेणाऱ्या सार्वजनिक आरोग्य विधेयकाचा मसुदा लोकांपुढे ठेवला होता. तो मसुदाच राहिला. ९ मार्च २०२० ला महाराष्ट्रातले कोरोनाचे पहिले रुग्ण पुण्यात सापडले आणि चार दिवसांनी राज्य सरकारने जो कायदा लागू केला तो १८९७ चाच, रँडसाहेबाच्या वेळचा.