एका गाठीचे पाच पत्ते

सोनोग्राफीच्या रिपोर्टवर एक ओळ असते, ‘डाव्या अंडाशयात ४.२ सेंटिमीटरची सिस्ट’. जिच्या पोटातली ती गाठ असते, तिचं मन ‘सिस्ट’ या शब्दापाशीच अडकतं. तोच कागद पुढे रोगनिदानाचे कोड घालणाऱ्या माणसाच्या टेबलावर जातो आणि त्याच्या दृष्टीने हा शब्द जवळजवळ निरुपयोगी असतो. त्याचा प्रश्न वेगळाच असतो. सिस्ट, पण कसली? रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणात, म्हणजे आयसीडीमध्ये, अंडाशयातल्या गाठीला एकच एक घर नाही.

आयसीडीच्या दहाव्या आवृत्तीत कोडचं पहिलं अक्षर सांगतं की विकार पुस्तकाच्या कुठल्या भागातला आहे. एन म्हणजे मूत्र आणि प्रजनन संस्थेचे विकार. ई हार्मोन आणि चयापचयाचे. सी म्हणजे कर्करोग, डीच्या पहिल्या निम्म्या भागात कर्करोग नसलेल्या किंवा पेशी तपासूनही तसं ठरवता न आलेल्या गाठी, क्यू म्हणजे जन्मजात दोष. साधी पाण्याची गाठ एनमध्ये जाते, डर्मॉइड डीमध्ये, कर्करोगाची गाठ सीमध्ये, पीसीओएस (पॉलिसिस्टिक ओव्हरी सिंड्रोम) ईमध्ये, आणि अवयव घडतानाच राहून गेलेली गाठ क्यूमध्ये. एका शब्दाचे पाच पत्ते झाले. वरवर हा घोळ वाटतो, पण त्यात एक तर्क आहे. गाठ दिसते कशी, यापेक्षा ती आली कुठून याला इथे जास्त महत्त्व आहे.

दर महिन्याला अंडाशयात काही पुटकं, म्हणजे स्त्रीबीज सांभाळणाऱ्या द्रवाच्या बारीक पिशव्या, वाढायला लागतात. त्यातलं एक इतरांना मागे टाकतं, साधारण दोन सेंटिमीटरपर्यंत फुगतं आणि फुटून स्त्रीबीज बाहेर सोडतं. कधी ते फुटतच नाही. आत द्रव साचत राहतो, आकार तीन सेंटिमीटरच्या पुढे गेला की तिला फॉलिक्युलर सिस्ट म्हणतात. कोड एन ८३.०. पुटक वेळेवर फुटलं तर मागे राहिलेल्या कवचाचं पीतपिंड होतं, ते प्रोजेस्टेरॉन तयार करतं आणि गर्भ राहिला नाही तर दोनेक आठवड्यांत आक्रसून जातं. ते आक्रसायच्या ऐवजी द्रवाने किंवा रक्ताने भरलं, तर ती पीतपिंडाची सिस्ट. कोड एन ८३.१. दोन्ही गाठी म्हणजे आपलं काम करायला आलेली आणि काम आटोपल्यावरही रेंगाळलेली मंडळी. बहुतेक वेळा दोन-तीन पाळ्यांत त्या आपसूक विरतात.

हे कोड ज्या गटात आहेत त्याचं शीर्षक आहे, अंडाशय, बीजवाहिनी आणि गर्भाशयाच्या रुंद बंधाचे ‘दाहरहित विकार’. इथला ‘विकार’ हा शब्द मला खटकतो. शरीराच्या नेहमीच्या चक्रातलं एक पाऊल थोडं लांबलं, त्याला विकार म्हणायचं? पण कोडच नसता तर तपासणीची नोंद कशाखाली करायची, पुन्हा तीन महिन्यांनी बोलावलं ते कशासाठी, याचा पत्ता लागला नसता. वर्गीकरणाला कप्पे लागतात आणि ‘जवळजवळ नेहमीचंच’ असा कप्पा त्यात नाही.

तिसरा कप्पा एन ८३.२, ‘इतर आणि अनिर्दिष्ट’ सिस्टचा. इथे खरी गंमत आहे. अमेरिकेने दहाव्या आवृत्तीचा जो स्वतःचा विस्तार केला, त्यात या कप्प्याचे दोन भाग पडतात. रिपोर्टवर नुसतं ‘सिस्ट’ लिहिलं असेल तर एन ८३.२०. ‘साधी सिस्ट’ लिहिलं असेल तर एन ८३.२९. शेवटचा आकडा बाजू सांगतो: १ उजवी, २ डावी, ९ म्हणजे बाजू लिहिलेलीच नाही. म्हणजे आपल्या सुरुवातीच्या ओळीचा कोड एन ८३.२०२ झाला. डॉक्टरांनी तिथे ‘साधी’ हे एक विशेषण घातलं असतं तर एन ८३.२९२ झाला असता. गाठ तीच, शब्द एक जास्त. कोडरला चित्र बघून ‘ही साधीच दिसते’ असं ठरवायचा अधिकार नसतो. निदान करणं त्याचं काम नाही, लिहिलेल्या निदानाला योग्य जागी नेऊन बसवणं हे त्याचं काम. त्यामुळे अनिर्दिष्ट कोड पडला की दर वेळी कुणाचा आळस असतोच असं नाही. पहिल्या सोनोग्राफीच्या दिवशी डॉक्टरांनाही जेवढं ठाऊक असतं, तेवढंच तो कोड प्रामाणिकपणे सांगतो.

दोन्ही अंडाशयांत गाठी असतील तर? एन ८३मध्ये ‘दोन्हीकडे’ असा आकडाच नाही, उजवीचा एक आणि डावीचा एक असे दोन कोड घालायचे. अंडाशयाच्या कर्करोगासाठी मात्र अमेरिकी विस्तारात दोन्ही बाजूंचा एकत्र कोड २०२१च्या ऑक्टोबरपासून आला, सी ५६.३. अशा ठिकाणी लक्षात येतं की ही व्यवस्था कुणी एका बैठकीत आखलेली नाही. ती गरजेप्रमाणे डागडुजी होत वाढली आहे.

आता डर्मॉइड. ही गाठ कापली तर आत चरबी, केस, कधी कधी दातसुद्धा सापडतात, कारण ती ज्या बीजपेशींपासून वाढते त्यांच्यात शरीरातल्या कुठल्याही ऊतीचं रूप घेण्याची क्षमता असते. नावात सिस्ट असली तरी ही पेशींची नवी वाढ आहे, म्हणून तिचा कोड डी २७, अंडाशयाची सौम्य गाठ. पुटकाची सिस्ट म्हणजे आधीपासून असलेल्या जागेत साचलेलं पाणी. डर्मॉइड वाट बघून विरत नाही. ती अंडाशयाला स्वतःभोवती पीळ घालू शकते, आणि त्या पिळाचा कोड वेगळा, एन ८३.५.

हा फरक कागदापुरता राहत नाही. विरून जाणाऱ्या गाठीवर चुकून डी २७ पडला, तर त्या बाईच्या नोंदीत कायमची एक ट्यूमर चिकटते, आणि पुढे विम्याचा अर्ज वाचणारा त्याच नोंदीकडे बघतो. उलट, शस्त्रक्रियेने काढलेल्या डर्मॉइडवर एन ८३.२ पडला, तर आपोआप जाणारी गाठ विनाकारण कापली असं कागदावर दिसतं आणि क्लेम अडकतो.

चॉकलेट सिस्टची गोष्ट आणखी वेगळी. गर्भाशयाच्या अस्तरासारखी ऊती अंडाशयात रुजते, पाळीच्या वेळी तिथेही रक्तस्राव होतो, ते रक्त बाहेर पडू शकत नाही आणि साचून दाट, तपकिरी होतं. म्हणून तिचा कोड सिस्टच्या गटात नाही, एंडोमेट्रिओसिसच्या गटात आहे, एन ८०.१.

पीसीओएसच्या बाबतीत तर नावानेच फसवलं आहे. १९३५मध्ये स्टाइन आणि लेव्हेन्थल या अमेरिकी डॉक्टरांनी सात स्त्रियांची वर्णनं प्रसिद्ध केली: पाळी अनियमित, अंडाशय मोठे, त्यात बारीक बारीक गाठी. त्या ‘गाठी’ म्हणजे वाढ अर्धवट थांबलेली पुटकं, सहसा २ ते ९ मिलिमीटरची. वर सांगितलेल्या अर्थाने त्या सिस्ट नव्हेतच. २००३च्या रॉटरडॅम निकषांप्रमाणे अनियमित बीजोत्सर्ग, पुरुषी हार्मोनचं जास्त प्रमाण आणि सोनोग्राफीतलं ते चित्र या तीनपैकी कुठल्याही दोन गोष्टी निदानाला पुरतात, अर्थात तसंच चित्र देणारे इतर आजार वगळल्यावर. म्हणजे एकही ‘सिस्ट’ न दिसता पीसीओएस असू शकतो. आयसीडीने हे बरोबर ओळखलं आणि त्याला हार्मोनच्या प्रकरणात टाकलं, ई २८.२. एन ८३.२खाली तर स्पष्ट सूचना आहे की पीसीओएस, ट्यूमरच्या गाठी आणि जन्मजात गाठी इथे घालू नयेत. नावं ठेवणाऱ्यांपेक्षा कोड ठरवणाऱ्यांनी हे काम चोख केलं असं माझं मत आहे.

सर्वांत नाजूक प्रश्न संशयाचा. रिपोर्टमध्ये ‘कर्करोग असू शकतो’ असं लिहिलं असेल तर सी ५६ घालायचा का? अमेरिकी नियमांप्रमाणे बाह्यरुग्ण विभागात तसं करता येत नाही. ‘संशयित’, ‘संभाव्य’ असे शब्द असतील तिथे जे प्रत्यक्ष सापडलं आहे किंवा जे लक्षण आहे, त्याचाच कोड घालायचा. त्याच व्यवस्थेत डी ३९.१ हा कोड फसवा आहे. ‘अनिश्चित वर्तनाची गाठ’ हे त्याचं वर्णन वाचून ‘अजून कळलेलं नाही’ असा अर्थ घेतला जातो. खरं म्हणजे पॅथॉलॉजिस्टने सूक्ष्मदर्शकाखाली गाठ तपासून ती सौम्य की घातक हे पेशी बघूनही ठरवता येत नाही असं म्हटलं, तरच तो कोड लागतो. बायोप्सी व्हायच्या आधी तो लिहिणं चूक.

सोनोग्राफी करणाऱ्यांची ओ-रॅड्स नावाची श्रेणी असते. त्यात २ म्हणजे कर्करोगाची शक्यता १ टक्क्याहून कमी, ५ म्हणजे ५० टक्के किंवा त्याहून जास्त. ही श्रेणी शक्यता सांगते. कोडला शक्यता सांगता येत नाही, त्याला गाठ कुठल्या तरी एका खणात ठेवावीच लागते.

या खणांची सुरुवात झाली मृत्यूंच्या नोंदीतून. १८९३मध्ये झाक बर्तियों या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने शिकागोच्या परिषदेत मृत्यूच्या कारणांची यादी मांडली, आयसीडी तिचीच वंशज. पाण्याच्या साध्या गाठीने सहसा कुणी मरत नाही, तेव्हा अशा यादीत तिला काय जागा असणार? १९४८मध्ये सहाव्या आवृत्तीपासून जागतिक आरोग्य संघटनेने यादी हाती घेतली आणि मृत्यूंबरोबर आजारही मोजायला सुरुवात झाली. फॉलिक्युलर, पीतपिंडाची आणि इतर ही त्रिविभागणी नवव्या आवृत्तीतही होती, ६२०.०, ६२०.१ आणि ६२०.२ या आकड्यांनी. अमेरिकेने दहावी आवृत्ती १ ऑक्टोबर २०१५ला स्वीकारली, तरी या गाठींना डावं-उजवं मिळायला आणखी एक वर्ष गेलं.

अकरावी आवृत्ती २०२२च्या जानेवारीपासून लागू आहे. तिच्यात बाजूसारखे तपशील मुख्य कोडला वेगळा कोड जोडून सांगता येतात, त्यासाठी प्रत्येक कोडची शेपटी वाढवत बसावं लागत नाही. पीसीओएस तिथेही हार्मोनच्याच प्रकरणात आहे, ५ए८०.१. शिवाय शून्य आणि एक या आकड्यांशी गोंधळ होऊ नये म्हणून ओ आणि आय ही दोन अक्षरं कोडमधून काढून टाकली आहेत. दहाव्या आवृत्तीत गरोदरपणाचं आख्खं प्रकरण ओ अक्षराचं होतं, म्हणजे टंकताना किती चुका झाल्या असतील याची कल्पना करावी.

आणि ती ४.२ सेंटिमीटरची डावी गाठ? तीन महिन्यांनी सोनोग्राफीत तिचा मागमूसही नसेल, तर अमेरिकी नोंदींमध्ये एन ८३.२०२ पुन्हा लिहायचा नसतो. उल्लेख करायचाच झाला तर झेड ८७.४२, स्त्रीच्या प्रजनन अवयवांचा पूर्वी होऊन गेलेला आजार.