तिबेरियो मुर्जा: सार्डिनियात जन्मलेला सिसिलियन

मराठी वर्तमानपत्रांत जसे 'अज्ञात चोरटे' असतात, तसे इटलीत 'सोलिती इन्योती', म्हणजे नेहमीचेच अज्ञात. मारियो मोनिचेल्लीने १९५८ साली याच नावाचा विनोदी सिनेमा काढला. रोममधले चार-पाच भुरटे चोर सावकारी पेढीची तिजोरी फोडायला निघतात, भलतीच भिंत पाडतात, स्वयंपाकघरात पोचतात आणि तिथं सापडलेला छोले-पास्ता खाऊन घरी जातात. त्यात विट्टोरियो गासमन आहे, मार्चेल्लो मास्त्रोयान्नी आहे, खुद्द विनोदवीर तोतो आहे. तरी इटलीत आजही लोक हमखास आठवतात तो काळ्या सुटातला, बारीक मिशीचा, चेहऱ्यावरची सुरकुती न हलवणारा फेरिबोत्ते. बहिणीवर कुणाची नजर पडू नये म्हणून तिला घरात कोंडून ठेवणारा सिसिलियन भाऊ.

हे काम करणारा तिबेरियो मुर्जा सिसिलीचा नव्हताच. १९२९ साली तो सार्डिनिया या दुसऱ्याच बेटावरच्या ओरिस्तानोत जन्मला. घरची गरिबी. तरुणपणी कम्युनिस्ट पक्षाचं 'लुनिता' हे वर्तमानपत्र विकलं, मग पोटासाठी बेल्जियम गाठून मार्सिनेलच्या कोळसा खाणीत उतरला. १९५६ च्या ऑगस्टमध्ये तिथं आग लागून २६२ कामगार मेले, त्यातले १३६ इटालियन. मुर्जा त्यातून बचावला. पुढे रोमच्या एका हॉटेलात भांडी घासताना सिनेमावाल्यांच्या नजरेस पडला. अभिनयाचा गंधही नव्हता. मोनिचेल्लीला मात्र नेमका तो चेहरा हवा होता.

आवाज नको होता. त्या काळी इटलीत बहुतेक सिनेमांचा आवाज नंतर स्टुडिओत भरत, त्यामुळे चेहरा एकाचा आणि वाणी दुसऱ्याची यात कुणाला वावगं वाटत नसे. मुर्जाला सिसिलियन हेल दिला रेनातो कोमिनेत्तीने. त्याच टोळीतला खादाड म्हातारा कापान्नेल्ले रंगवणारा कार्लो पिसाकाने नेपल्सचा, पण पडद्यावर बोलतो उत्तरेतल्या बोलोन्याच्या बोलीत. सगळ्यात गंमत बहिणीची. ती भूमिका क्लाउदिया कार्दिनालेची. तिचे आईवडील खरोखर सिसिलियन वंशाचे; पण ती वाढली ट्युनिसमध्ये, बोलायची फ्रेंच, म्हणून तिलाही उसना आवाज. आणि 'तिबेरियो' नावाचं पात्र सिनेमात आहे, ते मास्त्रोयान्नीने केलंय!

प्रत्येक प्रांताला एक ठरलेला स्वभाव चिकटवायचा, ही इटलीतली मुखवट्यांच्या नाटकांपासूनची जुनी खोड. सिसिलियन म्हटला की अब्रूला जपणारा, संशयी. पण फेरिबोत्तेला लोक हसत होते तेव्हा घराण्याच्या 'अब्रू'साठी बायको, मुलगी किंवा बहिणीचा जीव घेणाऱ्याला अवघी तीन ते सात वर्षं शिक्षा देणारं ५८७ वं कलम इटलीच्या दंडसंहितेत शाबूत होतं. ते रद्द व्हायला १९८१ उजाडलं. त्या कुलूपबंद दाराचा विनोद मला म्हणूनच जरा कडवट लागतो.

मुर्जावर शिक्का बसला तो कायमचा. १९५९ च्या 'ला ग्रांदे ग्वेर्रा'त, व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा सुवर्णसिंह पुरस्कार विभागून मिळवणाऱ्या सिनेमात, तो सैनिक झाला, सिसिलियनच. त्याच वर्षी नान्नी लोयने चोरांच्या टोळीचा दुसरा भाग काढला, त्यात पुन्हा फेरिबोत्ते. मग साठ-सत्तरच्या दशकांत स्वस्तातल्या विनोदी सिनेमांची रांग लागली. एकूण आकडा शंभराच्या वर जातो, आणि त्यातले बरेचसे बघण्याच्या लायकीचे नाहीत. तरी त्याची तीच दगडी मुद्रा, तोच ताठ कणा. न शिकलेल्या माणसाने हे इतकी वर्षं टिकवणं सोपं नव्हे. भूमिका मागायला त्याला लांब जावं लागलं नाही. वेगळी भूमिका मात्र क्वचितच कुणी देऊ केली.

१९८५ मध्ये टोळीचा तिसरा भाग आला. गासमन, मास्त्रोयान्नी यांच्यासोबत मुर्जाही परतला, पिकलेल्या वयाचा फेरिबोत्ते होऊन. २० ऑगस्ट २०१० रोजी रोमजवळच्या तोल्फा गावी तो वारला, तेव्हा मृत्यूच्या बातम्यांत त्याच्या नावाला फेरिबोत्ते जोडलेलं होतंच.