हप्ता कमी करायचा की मुदत? होम लोनमधे पार्ट पेमेंट करताना दोन्ही एकच वाटतं, पण नाहीये

आईची एफडी मॅच्युअर झाली, पाच लाखांची, आणि ती म्हणाली घराच्या कर्जात घाल, माझ्या डोळ्यांदेखत ते ओझं थोडं तरी उतरू दे. मी दुसऱ्याच दिवशी चेक घेऊन बँकेत गेले. काउंटरवरच्या माणसाने फॉर्म पुढे सरकवला, त्यात खाली दोन चौकोन होते, एकापुढे ईएमआय कमी आणि दुसऱ्यापुढे मुदत कमी, आणि मी वाचेपर्यंत त्याने पहिल्या चौकोनावर पेन्सिलने बारीक खूण करून पण टाकली होती. "मॅडम, हप्ता पाच हजाराने खाली येईल, सगळे हेच घेतात." मला वाटलं बरोबरच आहे, पैसे भरले की हप्ता कमी होणार, अजून काय होणार. सही केली आणि घरी आले.

तीन महिन्यांनी नवऱ्याने लोनचं स्टेटमेंट काढलं, रात्री जेवणं झाल्यावर आम्ही दोघं वही घेऊन बसलो, आणि त्या दोन चौकोनांमधला फरक साडेसहा लाखांच्या घरात आहे हे तेव्हा कळलं. आईच्या पाच लाखांपेक्षा जास्त! म्हणून हे सविस्तर लिहितेय, कारण मी ज्यांना ज्यांना विचारलं त्यातल्या बहुतेकांना हे दोन पर्याय म्हणजे एकाच गोष्टीची दोन नावं वाटत होती.

आकडे आमच्या कर्जाच्या जवळचेच घेते, फक्त दर मधे वरखाली झाला ते सोडून देते आणि ८.५ टक्के कायम धरते, म्हणजे हिशोब कळायला सोपा जाईल. कर्ज ४० लाख, मुदत २० वर्षं, हप्ता ३४,७१३ रुपये. पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरले तर खिशातून जातात २० लाख ८३ हजार. आणि मुद्दल किती कमी होतं? फक्त ४ लाख ७५ हजार. उरलेले १६ लाख ८ हजार व्याजात गेले. हे पहिल्यांदा बघितलं की पोटात गोळा येतो, पण यात बँकेने काही लबाडी केलेली नसते, व्याज हे दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं, पहिल्या महिन्यात ४० लाखांवर ८.५ टक्क्यांनी २८,३३३ रुपये व्याज होतं, हप्त्यातून आधी ते कापून घेतलं जातं आणि उरलेले ६,३८० मुद्दलात जातात. जसं मुद्दल उतरेल तसा व्याजाचा वाटा कमी होतो आणि मुद्दलाचा वाढतो, पण सुरुवातीची वर्षं हे फार हळू चालतं.

तर पाच वर्षांनी शिल्लक ३५ लाख २५ हजार, आणि हप्ते उरलेत १८०. आता आपण ५ लाख भरले. शिल्लक झाली ३० लाख २५ हजार. इथपर्यंत दोन्ही पर्याय अगदी सारखे आहेत.

पर्याय पहिला, हप्ता कमी. बँक तीच १८० महिन्यांची मुदत ठेवते आणि नवीन शिल्लकेवर हप्ता काढते, तो येतो २९,७८९. महिन्याला ४,९२४ रुपये सुटले. पुढच्या पंधरा वर्षांत व्याज जाईल साधारण २३ लाख ३७ हजार. काहीच भरलं नसतं तर २७ लाख २३ हजार गेलं असतं, म्हणजे वाचले ३ लाख ८६ हजार.

पर्याय दुसरा, मुदत कमी. हप्ता आहे तोच ३४,७१३, पण कर्ज १८० ऐवजी साधारण १३६ महिन्यांत संपतं, पावणेचार वर्षं आधी. व्याज जातं १७ लाखांच्या आसपास, वाचले सव्वादहा लाख.

तेच पाच लाख, तोच दर, तोच दिवस. मग एवढा फरक येतो कुठून? याचं उत्तर शोधायला मी स्टेटमेंटच्या एकाच ओळीवर बराच वेळ घालवला, पैसे भरल्यानंतरच्या पहिल्याच महिन्याच्या. पैसे भरायच्या आधी आमच्या हप्त्यातले ९,७४४ रुपये मुद्दलात जात होते. हप्ता कमी केल्यावर व्याज उतरून २१,४२८ वर आलं खरं, पण हप्ताच २९,७८९ झाला ना, मग मुद्दलात गेले ८,३६१. म्हणजे पाच लाख भरूनसुद्धा मुद्दल फिटण्याचा वेग आधीपेक्षा कमी झाला!! आणि मुदत कमी केली असती तर त्याच महिन्यात १३,२८५ रुपये मुद्दलात गेले असते. एकदा हे बघितलं की पुढचं सगळं आपोआप कळतं.

आता एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला पाहिजे, कारण नेटवर यावर जे काही फिरतं त्यात ती बहुतेक वेळा गाळलेली असते. साडेसहा लाखांचा फरक आहे म्हणजे पहिला पर्याय घेतला की बँक आपले साडेसहा लाख लुबाडते असं नाहीये. पहिल्या पर्यायात दर महिन्याला ४,९२४ रुपये आपल्या हातात परत येतात, दुसऱ्यात ते कर्जात जातात. तुम्ही हप्ता कमी करून घेतला आणि ते ४,९२४ दर महिन्याला स्वतःहून पुन्हा कर्जात भरले, तर कर्ज त्याच १३६ महिन्यांत संपेल, एक रुपयाचाही फरक पडणार नाही. मुद्दा एवढाच की दर महिन्याला एकूण किती पैसे कर्जात जातायत. आमच्या घरी त्या तीन महिन्यांत ४,९२४ चं काय झालं म्हणाल तर काहीच झालं नाही, ते किराण्यात, पेट्रोलमधे, एका लग्नाच्या आहेरात मिसळून गेले, कुणाला कळलंही नाही. ते तीन महिन्यांचे पावणेपंधरा हजार, पण कर्जाच्या शेवटापर्यंत मोजले तर आमचा एक अख्खा हप्ता वाढला.

म्हणून हप्ता कमी करणं चुकीचंच असं मी म्हणणार नाही. ज्याची नोकरी डळमळीत आहे, घरात आजारपण आहे, दोन वर्षांनी पोराची इंजिनिअरिंगची फी भरायचीय, त्याला महिन्याचं बंधन कमी असणं फार मोलाचं आहे, कारण हप्ता चुकला की दंड लागतो आणि सिबिल स्कोअर पडतो ते वेगळंच. अशा माणसाने खुशाल हप्ता कमी करावा आणि जमेल त्या महिन्यात वरचे पैसे भरावेत. फ्लोटिंग, म्हणजे वरखाली होणाऱ्या दराच्या होम लोनवर स्वतःच्या नावावर कर्ज घेणाऱ्याकडून बँकेला मुदतपूर्व फेडीचा दंड घेता येत नाही, रिझर्व्ह बँकेने २०१२ मधेच तो बंद केलाय. फक्त एवढं विचारून घ्या की एका वेळी कमीत कमी किती रक्कम भरता येते, काही ठिकाणी त्याची मर्यादा ठेवलेली असते. आणि सगळ्यात आधी हे, की सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला नसेल तर पार्ट पेमेंटच्या भानगडीत पडू नका, कर्जात गेलेला पैसा अडीअडचणीला लगेच परत मिळत नाही.

हाच गोंधळ व्याजदर बदलतो तेव्हाही होतो, आणि तिथे तो जास्त महागात पडतो कारण तिथे बऱ्याचदा आपण सहीसुद्धा केलेली नसते. मे २०२२ पर्यंत रेपो रेट, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते आणि ज्याच्या मागोमाग आपल्या फ्लोटिंग कर्जाचा दर हलतो तो, ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५ झाला, म्हणजे नऊ-दहा महिन्यांत अडीच टक्के. ज्यांनी त्याआधी ६.७५ टक्क्यांनी ४० लाख घेतले होते त्यांचा २० वर्षांचा हप्ता होता ३०,४१५. समजा ३९ लाख शिल्लक असताना दर ९.२५ झाला, तर नुसतं व्याजच होतं महिन्याला ३०,०६३. मुद्दलात जाणार साडेतीनशे रुपये! हप्ता तोच ठेवायचा म्हटलं तर कर्ज फिटायला ४८ वर्षं लागतील. इतकी मुदत कुणी देत नाही हे खरं, पण त्या काळात अनेकांच्या हप्त्याला हात न लावता मुदतच गुपचूप वाढत गेली आणि लोक खूश होते की आपला हप्ता काही वाढला नाही बुवा.

याच प्रकारावर रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ ला परिपत्रक काढलं. दर रीसेट होताना कर्जदाराला विचारायचं की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की थोडं थोडं दोन्ही, मुदत वाढून कर्ज उलटं फुगत जाऊ द्यायचं नाही, आणि दर तिमाहीला स्टेटमेंट द्यायचं ज्यात आतापर्यंत किती मुद्दल आणि किती व्याज गेलं, किती हप्ते राहिले हे असेल. या स्टेटमेंटमधला उरलेल्या हप्त्यांचा आकडा दर वेळी बघा. हप्त्याची रक्कम आपल्याला तोंडपाठ असते, पण किती हप्ते उरलेत हे विचारलं तर आमच्या ऑफिसातल्या एकालाही सांगता आलं नाही.

२०२५ मधे उलटं झालं, फेब्रुवारी ते जून या काळात रेपो रेट १ टक्क्याने खाली आला. दर उतरतो तेव्हा हप्ता आहे तोच ठेवला तर मुदत कमी होते, आणि हप्ता भरायची तुम्हाला आधीच सवय असल्यामुळे हे सगळ्यात कमी त्रासाचं पार्ट पेमेंट आहे असं मला वाटतं. तुमच्या बँकेने यातलं नेमकं काय केलंय ते फोन करून विचारा, गृहीत धरू नका.

कर्ज घेतानाही तोच प्रश्न वेगळ्या तोंडाने समोर येतो. बिल्डरच्या ऑफिसात बसलेला एजंट म्हणतो ३० वर्षं करा ना, हप्ता ३०,७५७ वर येतो, चार हजार वाचतात. बरोबर आहे, ३,९५६ वाचतात. पण २० वर्षांत व्याज जातं ४३ लाख ३१ हजार आणि ३० वर्षांत ७० लाख ७२ हजार. ४० लाखांच्या कर्जासाठी एक कोटी दहा लाख. उलट १५ वर्षं केली तर हप्ता ३९,३९० होतो आणि व्याज ३० लाख ९० हजारांवर थांबतं. ज्याला आज ३० वर्षांशिवाय हप्ता झेपतच नाही त्याने घ्यावं, घर महत्त्वाचं आहे, फक्त पगार वाढला की हप्ता वाढवून घ्यायचं हे त्याच दिवशी ठरवून टाकावं.

पैसे कधी भरता यालाही फार वजन आहे. आमच्याच कर्जात तेच ५ लाख पाचव्या ऐवजी पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले आणि मुदत कमी केली, तर वाचतात साधारण २ लाख १२ हजार. पाचव्या वर्षी सव्वादहा लाख. त्यामुळे आधी एफडी मोठी होऊ दे मग एकदम भरू, हे घरोघरी म्हटलं जातं ते एफडीचा दर कर्जाच्या दरापेक्षा कमी असेपर्यंत तोट्याचंच आहे.

टॅक्सचं थोडक्यात. व्याजावर सूट मिळते म्हणून कर्ज फेडू नको असं सांगणारे काका प्रत्येक सोसायटीत असतात. स्वतः राहत असलेल्या घरावर जुन्या पद्धतीत वर्षाला २ लाखांपर्यंत व्याजाची वजावट मिळते, नव्या पद्धतीत ती मिळतच नाही. आणि जुन्या पद्धतीत ३० टक्क्यांच्या स्लॅबमधे असलात तरी २ लाख व्याज भरून टॅक्स वाचतो सेस धरून ६२,४०० रुपये, बाकीचे खिशातून गेलेच ना.

बँकेत जाताना काय करायचं तर तोंडी काही सांगू नका, लेखी अर्ज द्या की हप्ता आहे तोच ठेवून मुदत कमी करावी, त्याच्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घ्या, आणि आठ-दहा दिवसांनी नवीन रीपेमेंट शेड्यूल, म्हणजे उरलेल्या प्रत्येक हप्त्याची एकेक ओळ असलेला तक्ता, मागून घ्या. ॲपवरून भरत असाल तर तिथेही हा पर्याय एखाद्या कोपऱ्यात असतो, आणि काही निवडलं नाही तर काय धरलं जातं हे बँकेगणिक वेगळं असू शकतं, म्हणून भरल्यानंतर शेड्यूल बघायचंच.

आम्ही पण शेवटी परत गेलो. दुसऱ्या काउंटरवर एक बाई होत्या, त्यांनी सगळं नीट ऐकून घेतलं, हप्ता पूर्वीसारखा करण्याचा अर्ज घेतला, आणि पुढच्या आठवड्यात नवीन शेड्यूल ईमेलवर आलं. १७७ ओळी असायला हव्या होत्या तिथे १३५ होत्या. मी ते सगळं प्रिंट करून आईसमोर ठेवलं. तिने चष्मा लावला, पानं उलटत शेवटच्या ओळीपर्यंत गेली आणि पेनाने त्या तारखेभोवती गोल केला.