गाब्रियाद्झे, रेझो

गाब्रियाद्झे, रेझो : (२९ जून १९३६ – ६ जून २०२१). जॉर्जियन पटकथाकार, चित्रकार, शिल्पकार व कळसूत्री बाहुल्यांच्या रंगभूमीचे दिग्दर्शक. जन्म तेव्हा सोव्हिएत संघात असलेल्या जॉर्जियाच्या पश्चिम भागातील कुताइसी येथे. जॉर्जियाची राजधानी तिबिलिसी येथील विद्यापीठात पत्रकारिता आणि पुढे मॉस्कोत पटकथालेखन शिकले. त्यांच्या नावावर तीसहून अधिक चित्रपट आहेत. प्रेक्षकांच्या ओठांवर मात्र एल्दार शेंगेलाया, गिओर्गी दानेलिया या दिग्दर्शकांचीच नावे राहिली. या चित्रपटांचा विक्षिप्तपणा आणि माया मुळात पटकथेतून आलेली आहे, हे त्यामुळे सहसा लक्षात घेतले जात नाही.

शेंगेलायांच्या ‘असाधारण प्रदर्शन’ (१९६८) या चित्रपटाचा नायक अगुली हा कुताइसीतला गुणी शिल्पकार. उत्तम संगमरवराचा एक मोठा ठोकळा त्याने आयुष्यातल्या सर्वश्रेष्ठ मूर्तीसाठी राखून ठेवलेला असतो. पण घरखर्च भागवायला तो गावातल्या मृतांचे अर्धपुतळे घडवू लागतो आणि वर्षे निघून जातात. ठोकळा तसाच राहतो, इकडे दफनभूमी त्याच्या कामाने भरत जाते. तेच त्याचे प्रदर्शन. गाब्रियाद्झे या माणसाला हरलेला ठरवत नाहीत. त्यांच्या लेखनाची सगळी थोरवी या एका निर्णयात दिसते.

दानेलियांसाठी लिहिलेला ‘दुःख करू नकोस’ (१९६९) क्लोद तिलिए या फ्रेंच लेखकाच्या कादंबरीवर आधारलेला आहे; पण कथा जॉर्जियात अशी रुजली आहे की मूळ परके वाटू नये. मरण जवळ आल्याचे ओळखून म्हातारा डॉक्टर लेवान मित्रांना बोलावतो आणि स्वतःच्या श्राद्धाची मेजवानी जिवंतपणीच मांडतो. हसू आणि रडू एकाच पंगतीला बसवण्याची ही हातोटी सोव्हिएत विनोदी चित्रपटांत फार थोड्यांना साधली. शेंगेलायांच्या ‘शेरेकिलेबी’मध्ये (१९७३) दोन कैदी प्रेमाच्या बळावर उडणारे यंत्र बनवतात. रस्ता बांधणाऱ्या तीन कामगारांवरील विनोदी लघुपटमालाही गाब्रियाद्झे यांचीच.

‘मिमिनो’ (१९७७) त्यांनी दानेलिया व व्हिक्तोरिया तोकारेवा यांच्यासह लिहिला. डोंगराळ भागात हेलिकॉप्टर चालवणारा वालिको मोठ्या विमानाचे स्वप्न घेऊन मॉस्कोला जातो, ते पुरेही करतो आणि शेवटी आपल्या माणसांत परततो. मॉस्को चित्रपट महोत्सवात या चित्रपटाला सुवर्ण पारितोषिक मिळाले. दानेलियांसह लिहिलेल्या ‘किन-द्झा-द्झा!’मध्ये (१९८६) दोन सोव्हिएत नागरिक वाळवंटी ग्रहावर जाऊन पडतात. तिथे काडेपेटीतली काडी अनमोल आणि विजारीचा रंग पाहून कोणी कोणापुढे वाकायचे ते ठरते. यातल्या तरुणाची भूमिका गाब्रियाद्झे यांचा मुलगा लेवान याने केली.

दरम्यान १९८१ मध्ये त्यांनी तिबिलिसीत कळसूत्री बाहुल्यांचे नाट्यगृह उभारले होते. पटकथा लिहिणाऱ्याचे शब्द पडद्यावर पोहोचेपर्यंत अनेकांच्या हातून जातात. त्यातही सोव्हिएत व्यवस्थेत जॉर्जियन पटकथेला मॉस्कोची मंजुरी लागे. बाहुल्यांच्या नाट्यगृहात मात्र नाटक त्यांचे, बाहुल्या त्यांच्या, दिग्दर्शनही त्यांचेच. ‘स्टालिनग्राडची लढाई’ हा त्यांचा प्रयोग परदेशांतही गाजला. नाट्यगृहाशेजारचा कललेला घड्याळ-मनोरा (२०१०) आणि सेंट पीटर्सबर्गच्या फोंतान्का नदीकाठचा चिमुकला कांस्यपक्षी (१९९४) ही त्यांचीच निर्मिती. तिबिलिसीत त्यांचे निधन झाले.