पटकथालेखक (स्टुडिओ काळ)

चित्रपट कंपनीकडे महिन्याच्या पगारावर किंवा कराराने राहून, कंपनी सांगेल त्या चित्रपटाची कथा, पटकथा किंवा संवाद लिहून देणारा लेखक. भारतात हा पेशा बोलपटाबरोबर आला आणि दुसऱ्या महायुद्धानंतर काही वर्षांतच विरला. मूकपटाला कथा लागत असे, पण पात्रांचे बोलणे पडद्यावरच्या पाट्यांत उरकत असे. १४ मार्च १९३१ रोजी मुंबईत पहिला भारतीय बोलपट लागला आणि संवाद लिहिणारा माणूस कंपन्यांना कायमचा हवासा झाला.

स्टुडिओत नट, कॅमेरामन, सुतार, रंगारी असे सगळेच पगारी असत. लेखकही त्यांच्यातलाच एक. हिंदी कंपन्यांत संवादलेखकाला मुन्शी म्हणत. उर्दू कथाकार सआदत हसन मंटो यांनी मुंबईत सुरुवातीला असेच काम केले. हिंदी कादंबरीकार प्रेमचंद १९३४ साली वर्षाला ८,००० रुपयांच्या करारावर मुंबईच्या अजंता सिनेटोन या चित्रपट कंपनीत आले. रक्कम त्या काळी भरघोस होती, तरी पुढच्याच वर्षी ते परत गेले. लिहिलेल्या कागदावर शेवटचा शब्द कंपनीचा, ही अट साहित्यात स्वतःचे नाव असलेल्याला पचणे अवघडच.

मराठीतली मोठी नावे मात्र या चौकटीत नीट बसत नाहीत. मराठी कंपन्यांनी नाटक-कादंबरीत गाजलेले लेखक गाठले. वि. स. खांडेकरांनी हंस पिक्चर्ससाठी लिहायला सुरुवात केली तेव्हा ते शिरोड्याच्या शाळेत शिक्षक होते. प्र. के. अत्रे हंसला आले ते नाटककार आणि विनोदी लेखक म्हणून नाव कमावूनच. पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीसाठी शिवराम वाशीकरांनी संतपट लिहिले, विश्राम बेडेकरांनी ‘शेजारी’ (१९४१) लिहिला. उलट दिशेने वर आले ते ग. दि. माडगूळकर. हंसमध्ये किरकोळ भूमिका, मग गाणी आणि पुढे पटकथा असा त्यांचा प्रवास. स्टुडिओतच घडलेला लेखक म्हणून मराठीत पहिले नाव त्यांचेच घ्यावे लागेल.

प्रभातचे अनेक चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत निघत, त्यामुळे लेखनाचे काम आपोआप वाटले जाई. ‘शेजारी’चे हिंदी रूप ‘पडोसी’. त्याचे संवाद पंडित सुदर्शन यांचे. सेट तोच, प्रसंग तोच. मराठीतल्या चार शब्दांना हिंदीत आठ लागले, तर नटाचे दारापर्यंत चालत जाणे आधी संपे आणि वाक्य मागे राही. हिंदी संवाद लिहिणाऱ्याला म्हणूनच अर्थाइतकेच वाक्याच्या लांबीकडे बघावे लागे. श्रेयनामावलीत कथा, पटकथा आणि संवाद वेगवेगळ्या नावांवर टाकण्याची पद्धत याच काळात पक्की झाली.

युद्धकाळात कच्च्या फिल्मवर नियंत्रण आले आणि १९४३ पासून चित्रपटाची लांबी ११,००० फुटांवर आणली गेली. बोलपटाची फिल्म मिनिटाला ९० फूट धावते, म्हणजे जेमतेम दोन तास. गाणी सहसा कापली जात नसत. कात्री लागे ती प्रसंगांना. त्याच सुमारास युद्धातल्या कमाईचा पैसा घेऊन नवे निर्माते उतरले, नट चित्रपटागणिक पैसे मागू लागले आणि सगळ्यांना पगारावर ठेवण्याचा हिशेब कोलमडला. प्रभातचे दिग्दर्शक आणि भागीदार व्ही. शांताराम १९४२ मध्ये तिथून बाहेर पडले. प्रभात १९५३ मध्ये बंद झाली. लेखक मोकळा झाला खरा, पण पगार जाऊन हप्ते आले, आणि शेवटचा हप्ता बुडणे ही चित्रपटधंद्यातली जुनीच रड. लेखकाच्या रॉयल्टीला कायद्याचा आधार मिळायला २०१२ ची कॉपीराइट दुरुस्ती उजाडावी लागली.

या पेशाचा ठाण्याशी संबंध मात्र उशिरा आला. ठाणे आणि मालाड-गोरेगाव ही सगळी गावे साष्टी बेटावरचीच. बॉम्बे टॉकीज (१९३४) हा स्टुडिओ मालाडला आणि फिल्मिस्तान (१९४३) हा गोरेगावला होता. पण ठाण्याहून तिकडे रेल्वेने जायचे तर दादरपर्यंत उलटे जाऊन गाडी बदलावी लागे. त्या काळात ठाण्याच्या वाट्याला प्रेक्षकाचीच भूमिका आली. आता घोडबंदर रस्त्याच्या पट्ट्यात मराठी मालिकांचे सेट आहेत आणि लिहिणारेही बरेच जण ठाण्यातच राहतात. कथा एकाची, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे ही जुनी वाटणी तिथे जशीच्या तशी चालते. सकाळी सेटवर पहिली चौकशी ‘सीन आले का?’ अशीच असते. कधी मेकअप होईपर्यंत संवाद फोनवर येत असतात. फरक मोबदल्यात आहे. मानधन बहुधा एपिसोडमागे ठरते, त्यामुळे मालिका आटोपली की लेखकाची मिळकतही थांबते. महिन्याच्या ठरलेल्या तारखेला पगार, ही स्टुडिओची एक गोष्ट मात्र परत आलेली नाही.