दुकानदाराच्या लेकीचं स्थळ

इंग्रजी ऐतिहासिक प्रेमकथा वाचणाऱ्यांना 'ट्रेड' हा शब्द ओळखीचा असेल. बापाचं दुकान आहे एवढ्यावरून मुलीचं स्थळ हलकं ठरायचं, आणि तो शब्द नाक मुरडूनच उच्चारला जायचा.

अठराव्या शतकातल्या इंग्लंडात खानदानी माणूस म्हणजे कुळांच्या खंडावर बसून खाणारा. जमीन थोरल्या मुलाकडे जाई. धाकटे सैन्यात, चर्चमध्ये किंवा वकिलीत. घाऊक व्यापारी थोडाफार खपवून घेतला जाई, गल्ल्यावर बसणारा नाही. पण वाडे गहाण पडत आणि ते सोडवायला व्यापाऱ्याच्याच लेकीचा हुंडा लागे. लग्नानंतर तिची रोकड कायद्याने नवऱ्याची होई. हे बदललं १८७० आणि १८८२ च्या कायद्यांनी. थोडक्यात, पैसा हवा, माहेर नको.

पळून जाणंही सोपं नव्हतं. १७५३ च्या विवाह कायद्याने एकविसाच्या आतल्यांना वडिलांची संमती लागू लागली. स्कॉटलंडात मात्र हा कायदा नव्हता, म्हणून प्रेमिक सीमेपलीकडच्या ग्रेटना ग्रीनकडे घोडे पिटाळत.

१७८२ मध्ये तिकडे पळालेली सारा चाइल्ड ही लंडनच्या बँकर रॉबर्ट चाइल्डची एकुलती एक मुलगी. बँकेचं मूळ सोनाराच्या दुकानात. मुलगा वेस्टमोरलंडचा अर्ल. इथे उलटंच झालं: नकार सरदाराने नाही, बँकरने दिला! त्याला आपलं नाव पुढे चालवणारा जावई हवा होता, असं सांगतात. चिडलेल्या बापाने मृत्युपत्रात अशी मेख मारली की संपत्ती अर्लच्या वारस मुलाकडे जाऊच नये. ती गेली नातीकडे, सारा सोफियाकडे.

ही नात म्हणजेच पुढची लेडी जर्सी. लंडनच्या अल्मॅक्स या नाचघरात कुणाला प्रवेशपत्र द्यायचं हे ठरवणाऱ्या मोजक्या बायकांपैकी एक. नुसत्या पैशावर तिथे शिरकाव नव्हता. व्यापाऱ्याच्या मुलीने कितीही रेशीम नेसलं तरी दार बंद, आणि लग्नाच्या बाजारातलं सगळ्यात मोठं दार तेच. मला गंमत वाटते ती पुढच्या गोष्टीची. दार लावून घेणारी ही बाई १८०६ पासून १८६७ मध्ये मरेपर्यंत आजोबांच्या बँकेची मुख्य भागीदार होती.